चांदण्याची यंत्रविद्या

चंद्रप्रकाशावर चालणारी यंत्रविद्या ही कल्पनेतली शाखा आहे. तिची सामग्री संस्कृत काव्यांत, आयुर्वेदाच्या ग्रंथांत, ग्रीक-रोमन साहित्यात आणि विसाव्या शतकातल्या अद्भुत कादंबऱ्यांत विखुरलेली आहे. तरीही तिला शाखा म्हणावे इतकी सुसंगती तिच्यात आहे. मंत्राने घडणारा चमत्कार मंत्र म्हणणाऱ्याच्या अधिकारावर अवलंबून असतो, यंत्राने घडणारा रचनेवर. चांदणे ठरल्या जागी, ठरल्या वेळी, ठरल्या वस्तूवर पडले की परिणाम घडतोच, मग ती वस्तू कोणाच्याही हातात असो. ही या विद्येची पहिली अट. दुसरी अट अशी की यंत्राला चंद्राचे सगळे वेळापत्रक पाळावे लागते: कला, उदयास्त, ऋतू, ढग आणि ग्रहण. या दोन अटींमुळे चांदण्याची जादू शिस्तीत येते आणि तिचा अभ्यास करता येतो.

कोणत्याही शक्तिस्रोताविषयी पहिला प्रश्न त्याच्या बळाचा असतो, आणि इथेच चांदण्याची गोष्ट अवघड होते. पौर्णिमेचा चंद्र सूर्यापेक्षा सुमारे ४ लाख पटींनी मंद आहे. भर दुपारच्या उन्हातून एका चौरस मीटरवर साधारण १००० वॅट मिळतात. माथ्यावरच्या पूर्णचंद्राकडून त्याच जागेवर मिळतात अडीच मिलिवॅटच्या आसपास. सोलर पॅनेलची कार्यक्षमता २० टक्के धरली तर ९ वॅटचा एक एलईडी दिवा पेटवायला चार एकरांहून अधिक जमीन पॅनेलने झाकावी लागेल, आणि इतक्या मंद प्रकाशात पॅनेल त्याहूनही कमी काम करते. महाराष्ट्राचे क्षेत्रफळ ३ लाख ७ हजार चौरस किलोमीटरांहून थोडे जास्त आहे. एवढ्या भूमीवर निरभ्र आकाशातून, चंद्र माथ्यावर असताना, जे टिपूर चांदणे सांडते त्याची सगळी शक्ती एकत्र केली तरी ती साडेसातशे मेगावॅटच्या घरात जाते. कोयना प्रकल्पाची स्थापित क्षमता १९६० मेगावॅट आहे.

कलांचा हिशेबही वाटतो तितका सरळ नाही. अष्टमीचा अर्धा चंद्र पौर्णिमेच्या निम्मा प्रकाश देत नाही, साधारण दहावा हिस्सा देतो. चंद्राचा पृष्ठभाग खडबडीत आहे. अष्टमीला त्यावर ऊन तिरपे पडते आणि प्रत्येक खळग्याची, प्रत्येक दगडाची सावली आपल्याला दिसते. पौर्णिमेला सूर्य जवळजवळ आपल्या पाठीमागे असतो, त्यामुळे सावल्या ज्या त्या वस्तूच्या मागे दडतात आणि चंद्र एकाएकी उजळतो. चांदण्यावर चालणारे यंत्र कोणी कल्पिले, तर महिन्यातल्या चार-पाच रात्री ते जोमात चालेल आणि बाकीच्या रात्री जवळपास ठप्प राहील. पौर्णिमेच्या रात्रीला लोकमनात जे वेगळेपण आहे, त्याला असा मोजता येणारा आधार आहे.

मोठे भिंग घेऊन चांदणे एकवटता येईल, असे सहज वाटते. तिथेही मर्यादा आहे. भिंगाने किंवा आरशाने गोळा केलेला प्रकाश मूळ पृष्ठभागापेक्षा अधिक तेजस्वी होऊ शकत नाही. जगातले सर्वांत मोठे भिंग घेतले तरी त्याच्या केंद्राशी ठेवलेल्या वस्तूला एवढेच जाणवेल की तिच्या चहूबाजूंना चंद्राचीच जमीन पसरली आहे. ती जमीन स्वतः काळपट आहे. तिच्यावर पडणाऱ्या सूर्यप्रकाशापैकी १२ टक्क्यांच्या आसपास ती परतवते, म्हणजे जुन्या डांबरी रस्त्याइतकाच. चंद्राच्या किरणांत उष्णता आहे की नाही, हा वाद त्यामुळेच फार काळ चालला. अठराव्या शतकाच्या सुरुवातीला फिलिप द ला हीर या फ्रेंच खगोलज्ञाने मोठ्या अंतर्वक्र आरशाने चांदणे एकवटून तापमापकावर टाकले. तापमापक हलला नाही. १८४६ मध्ये मासेदोनिओ मेल्लोनी याने व्हेसुव्हियसवरच्या वेधशाळेत सुमारे एक मीटर व्यासाचे भिंग आणि विद्युतप्रवाहाने उष्णता मोजणारे साधन वापरले, तेव्हा कुठे चंद्राची ऊब मापात सापडली. ती अगदी क्षीण होती, पण होती.

चंद्राचे तेज उसने आहे, हे भारतीय ज्योतिषाला पूर्वीपासून ठाऊक होते. सहाव्या शतकात वराहमिहिराने बृहत्संहितेत म्हटले आहे की सूर्याचे किरण जलमय चंद्रावर पडून परावर्तित होतात आणि रात्रीचा अंधार घालवतात, जसे आरशावर पडलेले किरण घराच्या आतला अंधार घालवतात. चंद्र जलमय आहे ही त्यातली समजूत पुढे टिकली नाही, आरशाची उपपत्ती मात्र टिकली. चांदण्याच्या सगळ्या कल्पित यंत्रांना हे ज्ञान पायाभूत आहे. चंद्र स्वतः काही जाळत नाही आणि खर्चतही नाही. मग त्याच्या प्रकाशात एखादी गोष्ट घडते, तेव्हा तिचे बळ येते कुठून? या शाखेतला सगळा अर्थपूर्ण विचार या एका प्रश्नाभोवती फिरतो, आणि त्याचे सर्वांत सुंदर उत्तर चंद्रकांत मण्याच्या कल्पनेत आहे.

मण्याकडे जाण्यापूर्वी जुन्या यंत्रशास्त्राकडे पाहणे आवश्यक आहे, कारण तिथे चांदण्याला स्थान दिलेले नाही. धारच्या भोजराजाच्या नावावर असलेल्या समरांगणसूत्रधार या अकराव्या शतकातल्या ग्रंथात यंत्रांवर एक स्वतंत्र अध्याय आहे. पाण्याची कारंजी, आपोआप हलणाऱ्या बाहुल्या, पाऱ्याच्या साहाय्याने उडणारा लाकडी पक्षी अशी यंत्रे त्यात येतात. यंत्र चालवणाऱ्या तत्त्वांना भोज बीजे म्हणतो: पृथ्वी, जल, अग्नी, वायू. पारा हे आणखी एक बीज मानावे की नाही, याचीही तो चर्चा करतो. घडणीचे बारकावे मुद्दाम दिलेले नाहीत, असेही तो सांगतो. त्याच शतकात काश्मीरच्या सोमदेवाने कथासरित्सागर लिहिला. त्यात मयासुराची मुलगी सोमप्रभा आपल्या मैत्रिणीला, कलिंगसेनेला, यंत्रपुतळ्यांची पेटी दाखवते. खिळी दाबली की एक पुतळी उडून जाऊन माळ आणते, दुसरी पाणी आणते, तिसरी नाचते. मग सोमप्रभा यंत्रांचे प्रकार सांगते: दारे घट्ट मिटणारे पृथ्वीयंत्र, सजीव भासणारे जलयंत्र, ज्वाला फेकणारे तेजोयंत्र, जा-ये करणारे वातयंत्र आणि स्पष्ट बोलणारे आकाशयंत्र. कल्पित अभियांत्रिकीचे इतके नेटके वर्गीकरण जगाच्या कथासाहित्यात क्वचितच आढळेल. या दोन्ही याद्यांत चंद्रप्रकाश नाही. यंत्राला ढकलणारे, उचलणारे, तापवणारे काही लागते, आणि चांदणे यातले काहीच करत नाही, हे त्या ग्रंथकारांनी नीट ओळखलेले दिसते.

म्हणूनच चंद्रकांत मणी यंत्रांच्या यादीत न येता रत्नांच्या, पाण्याच्या आणि प्रेमाच्या वर्णनांत येतो. चंद्राचे किरण पडले की हा मणी पाझरतो, अशी ही कल्पना. तिची गणना केवळ कविसंकेतांत होत नाही. सुश्रुतसंहितेत पाण्याचे प्रकार सांगताना चंद्रकांतापासून मिळणाऱ्या पाण्याचे गुण दिले आहेत: ते थंड, आल्हाददायक, पित्त शमवणारे, ज्वर, दाह आणि विष यांवर उपयोगी. म्हणजे मणी हे जल देणारे साधन आणि त्याचे उत्पादन औषध, असा व्यवहार तिथे गृहीत धरला आहे. चरकसंहितेतही शरद ऋतूच्या पाण्याचे असेच कौतुक आहे. दिवसा सूर्याने तापलेले, रात्री चंद्राने निवलेले, काळाने परिपक्व झालेले ते हंसोदक. कोजागरीला दुधाचे भांडे चांदण्यात ठेवण्याचा महाराष्ट्रातला रिवाज शरदाच्या याच ओढीतला आहे.

मेघदूतात कालिदासाने या मण्याची चक्क बांधणी वर्णिली आहे. अलकानगरीच्या महालांत चंद्रकांत मणी दोऱ्यांच्या जाळ्यांना टांगलेले आहेत. मध्यरात्री मेघाचा अडसर दूर झाला की स्वच्छ चंद्रकिरण त्यांवर पडतात, त्यांतून थेंब ठिबकतात आणि स्त्रियांचा अंगशीण घालवतात. अभियंत्याच्या नजरेने पाहिले तर इथे सर्व काही आहे. ग्राहक आहे, तो उंचावर टांगण्याची रचना आहे, परिणामाची जागा खाली नेमकी ठरलेली आहे, आणि यंत्र सुरू-बंद करणारा घटकही आहे: मेघ. ज्याला निरोप्या म्हणून धाडायचे त्या मेघालाच कवी सांगतो आहे की तू बाजूला झालास की ही सोय चालू होते. ते थंडावा देणारे यंत्र आहे आणि त्याला कोणी हात लावावा लागत नाही.

पण ठिबकणारे पाणी कोणाचे? ते चंद्रातून आलेले नाही, कारण किरणांत पाणी नसते. मण्यातच ते होते म्हणावे, तर दिवसा तो कोरडा का? विदर्भातल्या पद्मपूरचा मानला जाणारा भवभूती या प्रश्नाला थेट भिडतो. उत्तररामचरिताच्या सहाव्या अंकात, कोण हे ठाऊक नसताना लवाला पाहून रामाच्या मनात माया दाटते. त्या वेळी तो म्हणतो की पदार्थांना एकमेकांशी जोडणारे काही आतले कारण असते, प्रेम बाहेरच्या निमित्तावर अवलंबून नसते. सूर्य उगवला की कमळ उमलते, चंद्र उगवला की चंद्रकांत पाझरतो. आतले कारण हा इथला मुद्दा आहे. चंद्र मण्याला काही देत नाही, मण्यात असलेले बाहेर काढतो. ज्ञानेश्वरीत सोमकांताचा दृष्टांत येतो, तिथे हीच गोष्ट दुसऱ्या टोकाकडून पाहिली आहे. सोमकांत आपल्या पाझराने चंद्राला अर्घ्य देतो असे दिसते, पण ते अर्घ्य चंद्रच करवून घेतो. भवभूतीने मण्याच्या आत पाहिले आणि ज्ञानदेवांनी चंद्राकडे. दोघांनी मिळून या यंत्रविद्येचे मूळ सूत्र सांगून टाकले आहे: चंद्र देत नाही, करवतो. बळ नेहमी दुसऱ्या कोणाचे तरी असते, आणि चांदणे ते जागे करते.

प्रत्यक्षात चंद्रकांत नावाने ओळखला जाणारा खडा हा फेल्डस्पार गटातला एक खनिज आहे. त्याच्या पोटात अतिशय पातळ थर एकावर एक असतात आणि त्यांवरून विखुरणाऱ्या प्रकाशामुळे त्यात निळसर चमक सरकताना दिसते. तो पाझरत नाही. मात्र निरभ्र चांदण्या रात्री दगडावर, पानावर, पत्र्यावर पाणी खरोखर जमते. १८१४ मध्ये विल्यम चार्ल्स वेल्स या वैद्याने दवावर एक निबंध लिहिला आणि त्याचे कारण उलगडले. स्वच्छ आकाशाखाली वस्तू आपली उष्णता आकाशाकडे उत्सर्जित करतात, भोवतालच्या हवेपेक्षा थंड होतात आणि हवेतली वाफ त्यांवर थेंबरूपाने बसते. आकाश ढगाळ असेल तर ढग ती उष्णता परत पाठवतात आणि दव पडत नाही. ज्या रात्री चंद्र लख्ख दिसतो त्याच रात्री दव भरपूर, म्हणून श्रेय चंद्राला गेले. कालिदासाने मेघ बाजूला होण्याची अट घातली, ती दवालाही लागू पडते. या तत्त्वावर दव गोळा करण्याचे खरे प्रयोग झाले आहेत. कच्छमधल्या कोठारा इथे उतरते पत्रे मांडून, त्यांवरून ओघळणारे दव पन्हळीत घेऊन पाणी मिळवले गेले. वीज लागत नाही, इंधन लागत नाही, फक्त उघडे आकाश लागते. सुश्रुताच्या यादीतल्या त्या पाण्याच्या इतके जवळ दुसरे कोणतेही आधुनिक साधन पोचलेले नाही.

पश्चिमेकडच्या जुन्या कल्पना अधिक दांडगाईच्या आहेत. थेसलीच्या चेटकिणी चंद्राला खाली ओढतात, अशी ग्रीकांची समजूत होती. रोमन कवी लुकानच्या महाकाव्यात या ओढाताणीतून चंद्राचा फेस वनस्पतींवर गळतो आणि तो जादूचे द्रव्य म्हणून वापरला जातो. ॲरिस्टोफेनीसच्या इ.स.पू. ४२३ च्या 'मेघ' नाटकात एक कर्जबाजारी म्हातारा अशी चेटकीण विकत घेऊन चंद्र पेटीत कोंडण्याचा बेत करतो, कारण चंद्र उगवला नाही तर महिना पुरा होणार नाही आणि व्याज द्यावे लागणार नाही. सतराव्या शतकात सिरानो द बर्जेराकचा नायक जखमांवर बैलाच्या हाडातली मज्जा चोळतो आणि चंद्र ती शोषून घेतो या समजुतीच्या जोरावर वर खेचला जातो. या सगळ्या कल्पनांत चंद्र ओढतो किंवा ओढला जातो. त्या मोठ्या गमतीच्या आहेत, तरी चांदण्याच्या स्वभावाला धरून नाहीत.

साठवणीचा प्रश्न मात्र युरोपातच पहिल्यांदा गंभीरपणे विचारला गेला. १६०३ च्या सुमारास बोलोन्याजवळच्या डोंगरात विन्चेन्झो काशारोलो या किमया करणाऱ्या चांभाराला एक जड दगड सापडला. कोळशाबरोबर भाजल्यावर तो उजेडात ठेवला की पुढे अंधारात काही काळ चमकत राही. प्रकाश पिऊन ठेवणारी वस्तू युरोपने पहिल्यांदाच पाहिली होती. फोर्तुनिओ लिचेती या विद्वानाने १६४० मध्ये या दगडावर पुस्तक लिहिले आणि असा तर्क केला की चंद्रही असाच सूर्यप्रकाश साठवून ठेवतो, म्हणून कोरीच्या वेळी त्याचा काळोखा भाग राखी उजेडाने दिसतो. गॅलिलिओ तेव्हा दृष्टी गमावलेला, म्हातारा होता. तरी त्याने पत्रातून उत्तर दिले की तो उजेड पृथ्वीवरून परावर्तित होऊन चंद्रावर पडणारा आहे. गॅलिलिओचेच म्हणणे खरे होते. पण प्रकाश साठवणाऱ्या दगडाची कल्पना कथाकारांना कायमची मिळाली. चांदण्याच्या बहुतेक कल्पित बॅटऱ्या बोलोन्याच्या त्या दगडाच्या वंशातल्या आहेत.

विसाव्या शतकात जे. आर. आर. टॉल्किनने या विद्येला पुन्हा तिची खरी दिशा दिली. 'द हॉबिट' या १९३७ च्या कादंबरीत बुटक्यांच्या नकाशावर चंद्राक्षरे आहेत. ती चांदीच्या लेखणीने लिहिली जातात आणि ज्या ऋतूत, चंद्राच्या ज्या कलेला लिहिली, त्याच ऋतूतल्या त्याच कलेच्या चंद्रप्रकाशातच वाचता येतात. १९५४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या पहिल्या खंडात मोरियाच्या दारावरची नक्षी अशा धातूने काढली आहे की ती फक्त चांदण्यात आणि ताऱ्यांच्या प्रकाशात उजळते. दार उघडायला मात्र शब्द उच्चारावा लागतो. दोन्ही ठिकाणी चांदणे काहीही ढकलत नाही. ते दाखवते, ओळखते, परवानगी देते. किल्लीला कुलूप तोडण्याइतके बळ लागत नाही, नेमका आकार लागतो, आणि चंद्राजवळ आकार भरपूर आहेत. तिथी, नक्षत्र, उंची, ऋतू यांचा मेळ बसून तीच रात्र पुन्हा यायला वर्षानुवर्षे लागू शकतात. म्हणून टॉल्किनची ही साधने अद्भुत असूनही पटतात. याउलट ज्या कथांत पौर्णिमेच्या किरणांनी तोफा डागल्या जातात किंवा नगरे हवेत तरंगतात, त्या वाचताना मन अडखळते. लेखकाने चंद्राकडे बघितलेच नाही, असे तिथे वाटते.

सजीव सृष्टी चांदण्याचा वापर अशाच रीतीने करते. ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफवरची प्रवाळे वसंताच्या अखेरीस पौर्णिमेनंतरच्या काही रात्रींत, एकाच वेळी, शेकडो किलोमीटरांच्या पट्ट्यात अंडी आणि शुक्राणू पाण्यात सोडतात. १९८४ मध्ये या सामूहिक प्रजननाचा अहवाल प्रसिद्ध झाला, तेव्हा जीवशास्त्रज्ञ चकित झाले होते. प्रवाळाने वर्षभर साठवलेले अन्न, समुद्राचे वाढलेले तापमान हे बळ. चंद्र फक्त रात्र ठरवतो. नेपल्सच्या समुद्रातल्या एका कृमीत प्रकाश टिपणारे एक प्रथिन आहे, जे चांदणे आणि ऊन यांत फरक करू शकते असे संशोधनात दिसले आहे. आफ्रिकेतला एक शेणकिडा चांदण्याच्या ध्रुवणावरून, म्हणजे त्याच्या लहरी कोणत्या पातळीत हेलावतात यावरून, शेणाचा गोळा सरळ रेषेत ढकलत नेतो. हे २००३ मध्ये सिद्ध झाले. माणसाच्या डोळ्यातही अशी एक गोष्ट घडते. मोजून पाहिले तर चांदणे उन्हापेक्षा किंचित लालसर असते, तरी ते निळसर दिसते, कारण मंद उजेडात डोळा निळ्याकडे अधिक संवेदनशील होतो. यान पुर्किन्ये याने १८१९ मध्ये हा फरक नोंदला. चांदण्याचा तो निळा रंगही चंद्राने पाठवलेला नसतो, डोळ्याकडून करवून घेतलेला असतो.

खऱ्या तंत्रज्ञानानेही तोच मार्ग धरला. अठराव्या शतकात बर्मिंगहॅमच्या लूनार सोसायटीत जेम्स वॉट, मॅथ्यू बोल्टन, इरॅस्मस डार्विन, जोसेफ प्रीस्टली यांच्यासारखी माणसे पौर्णिमेच्या आसपास जमत, कारण परतीची वाट चांदण्यात दिसे. वाफेच्या युगाच्या शिल्पकारांचे कामकाज चंद्राच्या तिथीवर चालत होते, हे विसरण्याजोगे नाही. पुढे ब्रिटन-अमेरिकेतल्या अनेक शहरांत चांदण्या रात्री रस्त्यावरचे दिवे न लावण्याचे वेळापत्रक ठरलेले असे. तेल आणि गॅस वाचे. आजची रात्री पाहण्याची दुर्बीण हे तर चंद्रकांताचे नेमके प्रतिरूप म्हणता येईल. चांदण्याचा एक प्रकाशकण तिच्या पडद्यावर आपटून एक इलेक्ट्रॉन सोडवतो, सूक्ष्म नळ्यांच्या चाळणीतून जाताना त्या एकाचे हजारो होतात आणि ते पुढच्या पडद्यावर चित्र उमटवतात. चांदण्याने फक्त पहिला इलेक्ट्रॉन सोडवला. बाकीचे सगळे बळ बॅटरीचे. २०११ मध्ये सोडलेल्या सुओमी एनपीपी या उपग्रहावरचा कॅमेरा इतका संवेदनशील आहे की काळोख्या समुद्रावरची चक्रीवादळे तो चांदण्यात पाहतो; मध्यरात्री वादळाचा डोळा कुठे सरकला हे त्यामुळे समजते.

चंद्राजवळ खरे बळही आहे, फक्त ते प्रकाशात नाही. ते गुरुत्वाकर्षणात आहे आणि समुद्राला लागू पडते. भरती घडवण्यात चंद्राचा प्रभाव सूर्याच्या दुपटीहून थोडा अधिक आहे. कोकणच्या किनाऱ्यावर याचा हिशेब तोंडी आहे: तिथीची पाऊणपट केली की भरती किती वाजता पूर्ण होईल ते कळते. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा वाजता, पौर्णिमेला आणि अमावास्येला सव्वा अकरा-बाराच्या सुमारास. भरती रोज सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकते. पाऊणपटीचा नियम ४५ धरतो आणि होडी काढण्याच्या कामाला तेवढा पुरतो. पौर्णिमा-अमावास्येला उधाण, अष्टमीच्या आसपास भांगाची भरती. पृथ्वीवरच्या भरती-ओहोटीत जी ऊर्जा सतत खर्ची पडते ती सुमारे ३७ लाख मेगावॅट आहे आणि तिचा मोठा वाटा चंद्रामुळे आहे.

ती ऊर्जाही चंद्राच्या पदरची नाही. ती पृथ्वीच्या स्वतःभोवती फिरण्यातून येते. चंद्र समुद्राचा फुगवटा धरून ठेवतो, पृथ्वी त्याखालून फिरते, घर्षण होते आणि पृथ्वीचे फिरणे कणाकणाने मंदावते. या देवघेवीत चंद्र दर वर्षी ३.८ सेंटिमीटरने दूर जातो. १९६९ पासून चंद्रावर ठेवलेल्या आरशांवरून लेसर परतवून हे अंतर मोजले गेले आहे. समुद्राकडूनही चंद्र करवूनच घेतो.

या बळाचे यंत्र माणसाने फार पूर्वी बांधले. उत्तर आयर्लंडमधल्या नेंड्रम मठात सापडलेल्या भरतीच्या गिरणीची लाकडे सातव्या शतकाच्या पहिल्या चतुर्थांशातली आहेत. आधुनिक काळात फ्रान्समधल्या रान्स नदीच्या मुखावर १९६६ मध्ये २४० मेगावॅटचे केंद्र सुरू झाले, आणि दक्षिण कोरियात सिह्वा इथे २०११ मध्ये २५४ मेगावॅटचे. भारतात खंबातच्या आखाताची क्षमता सुमारे ७००० मेगावॅट मानली जाते. गाळ, खारफुटी, मासेमारी आणि बांधाचा प्रचंड खर्च यांमुळे तिथे अजून असे केंद्र उभे राहिलेले नाही.

आता या शाखेचे एखादे नवे यंत्र कल्पायचे असेल तर त्याचे नियम या सगळ्यातून निघतात. समजा, कोकणातल्या एखाद्या खाडीवर कल्पनेनेच एक बंधारा घातला. त्याची शक्ती उधाणाच्या पाण्याची आणि दाराची किल्ली चांदण्याची. पौर्णिमेला दोन्ही जुळतात: पाणी चढते, चंद्र वर येतो, मणी पाझरतो, दार उघडते. अष्टमीला किल्ली मंद आणि पाणीही कमी, म्हणून यंत्र विसावते. खरी अडचण अमावास्येची. त्या रात्री उधाण पौर्णिमेइतकेच जोरदार असते, कारण गुरुत्वाकर्षणाला उजेडाची गरज नाही, पण किल्ली आकाशात नसते. सगळे बळ दाराशी येऊन थांबते. कथाकाराला यापेक्षा चांगला पेच शोधून सापडणार नाही, आणि तो चंद्राने स्वतःच रचलेला आहे. खग्रास चंद्रग्रहणात हाच पेच भर पौर्णिमेला उभा राहतो. चंद्राचा प्रकाश हजारो पटींनी घटतो आणि भरती मात्र आपल्या वेळेवर येते. पावसाळ्यात जून ते सप्टेंबर आकाश झाकलेले, समुद्र खवळलेला, आणि मणी कोरडा. अशा यंत्राला चांदण्यावाचून चालणारी दुसरी वाट ठेवावीच लागते. जुन्या भरती-गिरण्यांत ती होतीच: बिजागरीवर टांगलेले जड लाकडी दार चढत्या पाण्याने आत ढकलले जाई आणि ओहोटी लागताच तळ्यातल्या पाण्याच्याच दाबाने आपोआप मिटे. रात्र असो की दिवस, चंद्र दिसो की न दिसो.